पावणेतीन घरं

सहीच्या दिवशी तो आकडा समोरच होता,
चौकटीत, काळ्या शाईत, नीट छापलेला.
बँकेतल्या माणसाने कागदावर बोट ठेवलं, म्हणाला, इथे सही.
त्याच बोटाखाली आकडा झाकला गेला.
मी त्याचं नख पाहत राहिले. स्वच्छ होतं.

मे महिना, चौऱ्याण्णव साल.
डुलूथच्या टेकडीवर मळक्या बर्फाचे ढीग अजून उरलेले,
खाली सरोवरात जहाजं लोहखनिज भरत होती,
आणि आर्वो घराच्या भिंतीवर थापट्या मारत होता,
घोडा विकत घेतल्यासारखा.

कर्ज ब्याण्णव हजार. साडेआठ टक्के. तीस वर्षं.
पहिलं कूपन फाडलं त्या रात्री
त्याने आलेखाच्या कागदावर घर काढलं,
एका चौरस फुटाला एक चौकोन, असे अकराशे.
(पोर्च वेगळा. तो दहा हजार रोख मोजून आमचाच.)
हप्ता सातशे सात डॉलर,
त्यातले सहाशे एक्कावन्न व्याजात गेले,
मुद्दलात छप्पन्न.
निळ्या पेन्सिलीने त्याने एक चौकोन रंगवला,
तोही पुरता नाही.
"दाराच्या आत एक ताटली मावेल एवढं आपलं," म्हणाला,
"उभी राहून बघ, लेम्पी."
राहिले. एक पाय आमच्या घरात,
दुसरा बँकेच्या.

दहा वर्षांत पंच्याऐंशी हजार भरले.
कागदावर निळं झालं ते फक्त स्वयंपाकघर.
किर्सी तोवर बारा वर्षांची,
बँकेच्या जिन्यावरून धडधडत उतरायची,
बँकेच्या भिंतीवर तिची उंची आम्ही पेन्सिलीने मांडायचो.

मधे एकदा व्याज उतरलं.
सगळी गल्ली जुनं मोडून नवं कर्ज घ्यायला धावली.
आम्हीही अर्ज केला.
पण गोदीने त्याच मार्चमध्ये आर्वोला घरी बसवलं होतं,
आणि बँक ज्याला गरज नाही त्यालाच स्वस्तात देते.

शेजारची मार्जोरी लुंड हार्डवेअरच्या दुकानात हिशेब लिहायची.
तिने पहिल्याच वर्षी सांगितलं होतं:
दरमहा पन्नास डॉलर जास्त टाका,
पावणेसात वर्षं आधी सुटाल.
खरं होतं ते. आम्ही मान डोलावली.
पण पन्नास म्हणजे किर्सीचा व्हायोलिनचा मास्तर,
दर गुरुवारी, साडेचार वाजता.
ती आता टक्सनला लोकांचे दात काढते.
व्हायोलिन माळ्यावर आहे, दोन तारा तुटलेल्या.
पावणेसात वर्षं त्या पेटीत आहेत
की त्या गुरुवारांत,
हे मार्जोरीलाही मांडता आलं नसतं.

तेविसाव्या वर्षी कागद निम्मा निळा झाला.
तेविसाव्या!
त्यानंतर मात्र घर भराभर आमचं होत गेलं,
पाहुणे उठून गेल्यावर पंगत वाढावी तसं:
जिना, न्हाणीघर, मग किर्सीची खोली,
ती जाऊन नऊ वर्षं झाल्यावर.

या वसंतात शेवटचा हप्ता गेला.
बँकेचं पत्र आलं, अभिनंदनाचं, सही यंत्राची.
मी सगळी कूपनं मांडून बेरीज केली:
दोन लाख चौपन्न हजार आणि वर काही.
दामदुप्पट केव्हाच मागे पडली होती.
एका घराच्या कर्जापायी पावणेतीन घरांचे पैसे;
उरलेली पावणेदोन कुठे आहेत, कोण राहतं त्यात,
दिवे लागतात का संध्याकाळी?
छपराचे, भट्टीचे, पालिकेच्या कराचे पैसे
यात धरलेलेच नाहीत.
आणि आकडा तोच होता,
नखाखालचा, सेंटपर्यंत तोच.
कोणी फसवलं नव्हतं. हेच जरा टोचलं.

आर्वोच्या गुडघ्यांनी दोन वर्षांपूर्वी जिना सोडला.
तो स्वयंपाकघरातच झोपतो, सगळ्यात जुन्या निळ्यात.
आज त्याने पेन्सिल माझ्या हातात दिली, म्हणाला,
शेवटचा चौकोन वरचा आहे, माझा पाय पोचत नाही.
मी वर गेले. कोपऱ्यात उभी राहिले. दोन्ही पायांवर.

"कसं वाटतंय?" खालून हाक आली.

"ओल आलीय," मी म्हटलं.
"छत गळतंय, आर्वो. आपलं."